ओ गटाच्या आईला एबी गटाचं मूल होऊ शकतं
तुमच्या लेखात रक्तगटांचा वंशवृक्ष छान समजावलाय, पण त्यातलं ‘ओ गटाच्या आईला एबी गटाचं मूल होणं अशक्य’ हे वाक्य कृपया दुरुस्त करा. असल्या वाक्यांवरून बाईवर संशय घेतला जातो! 1952 साली मुंबईत डॉ. भेंडे आणि सहकाऱ्यांनी नोंदवलेल्या बॉम्बे रक्तगटात एच प्रतिजनच, म्हणजे लाल पेशींवरचा ज्यापासून ए आणि बी प्रतिजन बनतात तो पदार्थच, तयार होत नाही. त्यामुळे ए किंवा बी जनुक असूनही साध्या तपासणीत गट ओ दिसतो, आणि तेच जनुक मुलात उतरतं; दुसरं वडिलांकडून आलं की मूल एबी. हा बॉम्बे गट होण्यासाठी एच न बनण्याचा दोष त्या व्यक्तीच्या आईवडील दोघांकडून यावा लागतो, म्हणून मामाच्या मुलीशी लग्न लावणाऱ्या घराण्यांत शक्यता वाढते. आमच्या नाशिककडे अशी सोयरीक नवी नाही. बॉम्बे गटाचा रुग्ण आढळला तर त्याच्या सख्ख्या भावंडांचं रक्त आधी तपासा, कारण त्याला नेहमीचं ओ रक्तही चालत नाही.