अकादमीने सोडल्यानंतरचा फुटबॉल : एका प्रतिक्रियेला उत्तर

सप्रेम नमस्कार,

इंग्लंडच्या खालच्या लीगमधील सेमी-प्रो, म्हणजे नोकरी सांभाळून मानधनावर खेळणाऱ्या फुटबॉलपटूंवरील माझ्या लेखावर आपण सविस्तर आणि परखड प्रतिक्रिया दिलीत, त्याबद्दल मनापासून आभार. आपले म्हणणे थोडक्यात असे : अठराव्या वर्षी अकादमीने, म्हणजे क्लबच्या युवा प्रशिक्षण केंद्राने, ज्यांना घरी पाठवले, ती मुले पुढे पंधरा-पंधरा वर्षे तुटपुंज्या मानधनावर, तीनशे प्रेक्षकांसमोर खेळत राहतात आणि याला कारकीर्द म्हणणे म्हणजे अपयश झाकणे होय, लिहायचेच असेल तर जेमी वार्डीवर लिहावे, कारण तो त्यातून बाहेर पडला, आणि मिडलँड्समध्ये राहणारा आपला भाचा, ज्याला त्याच्या अकादमीने नुकतेच सोडले आहे, तो असे लेख वाचून शिक्षणाकडे पाठ फिरवेल. भाच्याविषयीची काळजी रास्त आहे आणि तिच्याविषयी मी शेवटी लिहिणार आहे. पहिले दोन मुद्दे मात्र मला मान्य नाहीत.

वार्डीची कहाणी मलाही मनापासून आवडते. शेफील्ड वेन्सडेने सोळाव्या वर्षी सोडलेला हा मुलगा स्टॉक्सब्रिज पार्क स्टील्सकडून आठवड्याला ३० पौंडांवर खेळत होता आणि दिवसा वैद्यकीय स्प्लिंट बनवणाऱ्या कारखान्यात काम करत होता. २०१० मध्ये हॅलिफॅक्स, २०११ मध्ये फ्लीटवुड, २०१२ मध्ये १० लाख पौंडांना लेस्टर सिटी आणि २०१६ मध्ये प्रीमियर लीगचे विजेतेपद, असा तो प्रवास आहे. पण स्टॉक्सब्रिजच्या त्याच ड्रेसिंग रूममध्ये त्याला पास देणारे, त्याच्या मागे बचाव सांभाळणारे दहा जण होते आणि तेही सकाळी कामावर जाऊन संध्याकाळी सरावाला येत होते. बाहेर पडणे हेच एकमेव यश मानले, तर त्या दहा जणांचे खेळणे निरर्थक ठरते, आणि त्यांच्यावाचून वार्डीला गोल करायला सामनाच उरत नाही. अपवादाला मोजपट्टी केले की नियमाने चालणारा माणूस आपोआप अपयशी दिसू लागतो. आपल्या प्रतिक्रियेत नेमके हेच झाले आहे.

प्रीमियर लीग आणि तिच्या खालच्या तीन श्रेणी मिळून ९२ क्लब होतात. त्यांच्या खाली नॅशनल लीग, तिच्या खाली तिचेच उत्तर आणि दक्षिण विभाग, आणि मग नॉर्दर्न प्रीमियर, सदर्न आणि १९०५ पासून चालू असलेली इस्थमियन लीग. सहाव्या श्रेणीपासून खाली बहुतेक क्लब पार्ट-टाइम आहेत. या जगाला मान्यता उशिरा मिळाली. १९७४ पर्यंत कागदोपत्री हौशी आणि व्यावसायिक असे दोनच प्रकार होते आणि अनेक ‘हौशी’ खेळाडूंना गुपचूप पैसे दिले जात. त्या वर्षी फुटबॉल असोसिएशनने हा भेद काढून टाकला. वरच्या चार श्रेणींत थेट बढतीचा मार्ग तर १९८७ मध्ये स्कारबरो या क्लबच्या रूपाने प्रथमच उघडला. तोवर खालची लीग जिंकली तरी वरच्या क्लबांच्या मतदानावर भवितव्य ठरत असे. ज्या व्यवस्थेत दारच बंद होते, तिथे दाराबाहेर राहिलेल्यांना कमकुवत ठरवणे मला अन्यायाचे वाटते.

आता टॅमवर्थचे पाहू. २०२३ आणि २०२४ अशा सलग दोन वर्षी बढती मिळवून हा क्लब पाचव्या श्रेणीत आला तो पार्ट-टाइम राहूनच. त्या हंगामात एफए कपमध्ये, म्हणजे लहानमोठ्या सर्व श्रेणींतील क्लबांच्या बाद पद्धतीच्या स्पर्धेत, त्यांनी तिसऱ्या श्रेणीतील हडर्सफील्डला १-० हरवले, त्याच श्रेणीतील बर्टन अल्बियनला पेनल्टींवर बाहेर काढले आणि १२ जानेवारी २०२५ रोजी लॅम्ब ग्राउंडच्या कृत्रिम गवतावर टॉटनहॅम हॉटस्परला ९० मिनिटे गोलशून्य रोखले. टॅमवर्थच्या गोलपोस्टमध्ये जॅस सिंग होता : भारतीय वंशाचा, तिशी ओलांडलेला आणि पोटापाण्यासाठी इमारतींचे सर्वेक्षण करणारा. जादा वेळेत टॉटनहॅमने तीन गोल करून सामना जिंकला. पूर्वीच्या नियमानुसार हा सामना ०-० वरच संपून टॉटनहॅमच्या साठ हजारांच्या मैदानावर पुन्हा झाला असता आणि तिकीटविक्रीतील वाट्यावर टॅमवर्थसारख्या क्लबचा दीर्घकाळचा खर्च निघाला असता. पण मुख्य फेऱ्यांमधील फेरसामने त्याच हंगामापासून बंद झाले होते. वरच्या क्लबांच्या गर्दीच्या वेळापत्रकासाठी घेतलेल्या या निर्णयाची किंमत खालच्यांनी मोजली, असे माझे स्पष्ट मत आहे. आणि आपल्याला विचारतो, वर्षानुवर्षे नोकरी सांभाळून त्या दिवसापर्यंत पोहोचलेल्या गोलरक्षकाच्या कारकिर्दीत नेमके काय अपुरे आहे?

पैशांविषयी आपण लिहिले आहे ते अर्धेच चित्र आहे. सेमी-प्रो खेळाडूचे मानधन एकटे पाहिले तर थोडे दिसते, पण ते त्याच्या पगाराच्या जोडीला असते. हातात कसब असलेला इलेक्ट्रिशियन किंवा शाळेत कायम असलेला शिक्षक पाचव्या-सहाव्या श्रेणीत खेळून महिन्याकाठी जे कमावतो, ते चौथ्या श्रेणीतील एका वर्षाच्या पूर्णवेळ करारापेक्षा काही वेळा जास्त आणि बरेच अधिक भरवशाचे असते. म्हणून काही जण वरून आलेली पूर्णवेळ बोलावणी विचारपूर्वक नाकारतात. स्टुअर्ट पिअर्स पाच वर्षे वील्डस्टोन या सेमी-प्रो क्लबकडून खेळला तो इलेक्ट्रिशियनचे काम करतच. पुढे नॉटिंगहॅम फॉरेस्टमध्ये पोहोचल्यावरही त्याने सामन्याच्या पुस्तिकेत आपल्या वायरिंगच्या कामाची जाहिरात दिली होती, आणि हाच माणूस इंग्लंडसाठी ७८ सामने खेळला. त्याच्याही आधी, १९६१ पर्यंत वेतनाला कमाल मर्यादा असताना, टॉम फिनी इंग्लंडकडून खेळत होता आणि प्रेस्टनमध्ये प्लंबिंगचा धंदा चालवत होता. आपल्याकडे रेल्वे आणि बँका खेळाडूला नोकरी देऊनच संघात घेत आल्या. इंग्लंडमध्ये नोकरी एकीकडे आणि क्लब दुसरीकडे, आणि दोन्हींची सांगड खेळाडूने स्वतः घालायची, एवढाच फरक.

ही सांगड सोपी नाही, हे मी अजिबात नाकारत नाही. सराव बहुधा मंगळवारी आणि गुरुवारी संध्याकाळी असतो, पण मंगळवारी सामनाही येतो. परगावी सामना असेल तर दुपारी तीनला काम आवरायचे, तीन-चार जणांनी एकाच गाडीतून मोटरवेच्या गर्दीत निघायचे, पावणेआठला सामना, मध्यरात्रीनंतर घर आणि सकाळी सातला पुन्हा साइटवर. मागच्या हिवाळ्यात आमच्या जवळच्या मैदानावर मी एका लेफ्ट-बॅकला वॉर्म-अपच्या आधी नळाखाली मनगटे घासताना पाहिले. प्लास्टर कोपरापर्यंत वाळलेले होते आणि नखांतले पांढरे काही केल्या निघत नव्हते. तसाच तो मैदानात उतरला आणि नव्वद मिनिटे पूर्ण पळाला.

याहून कठीण गोष्ट म्हणजे दुखापत. स्वतःचे काम करणाऱ्या गवंड्याचा घोटा मोडला, तर दोन्ही उत्पन्ने एकाच दिवशी थांबतात. क्लबचा अध्यक्ष बदलला किंवा त्याने हात आखडता घेतला, तर मानधन हंगामाच्या मध्यातच कमी होते. महामारीत सातव्या श्रेणीपासून खालच्या लीगचे २०१९-२० आणि २०२०-२१ हे दोन्ही हंगाम अर्ध्यावर सोडून देण्यात आले. त्यात बढतीच्या उंबरठ्यावर असलेल्या खेळाडूंची उमेदीची दोन वर्षे गेली, आणि ती परत मिळणारी नव्हती. या सगळ्यावर आपण रागावला असतात, तर मी आपल्या बाजूने उभा राहिलो असतो. आपला राग मात्र खेळाडूंवर आहे.

आता आपल्या भाच्याविषयी. त्याने शिक्षण किंवा एखाद्या कसबाची अप्रेंटिसशिप मुळीच सोडू नये. सेमी-प्रो फुटबॉल टिकतो तोच दुसऱ्या उत्पन्नाच्या आधारावर, त्यामुळे या मार्गाला जाणाऱ्यासाठी शिक्षण अधिकच गरजेचे आहे. क्लब निवडताना मोठ्या नावापेक्षा घरापासूनचे अंतर आणि प्रत्यक्ष खेळायला मिळणारे सामने पाहावेत; अठराव्या वर्षी वरच्या श्रेणीच्या बाकावर बसण्यापेक्षा आठव्या श्रेणीत दर शनिवारी पहिल्या अकरात असणे केव्हाही चांगले. सुरुवातीला त्याची नोंदणी बहुधा विनाकरार होईल आणि त्यात वावगे काही नाही, कारण अशा खेळाडूला हवा असलेला क्लब सध्याच्या क्लबला सात दिवसांची लेखी सूचना देऊन त्याच्याशी बोलू शकतो. करार पुढे आला तर उन्हाळ्याच्या महिन्यांत मानधन चालू राहते का आणि दुखापतीच्या काळात ते किती आठवडे मिळते, हे दोन प्रश्न त्याने सही करण्यापूर्वी विचारावेत आणि उत्तरे लेखी घ्यावीत.