मामाचा दवाखाना

दिवाळीला ताईकडे गेलं की अभ्यंगस्नानानंतर भाच्याकडून मार खायचा, हा आमच्याकडचा कुळाचार आहे. दोन लॅपटॉप, मध्ये चकलीचा डबा आणि पडद्यावर 'स्टारक्राफ्ट', म्हणजे सैन्य उभारून लढायचा कॉम्प्युटर गेम. खेळ १९९८चा, भाच्यापेक्षा वयाने मोठा. पण लाज राखायला त्याचा काही उपयोग नाही. २०१७ साली कंपनीने तो फुकट केला, तेव्हा माझी शेवटची सबबही गेली. पूर्वी निदान सीडीवर चरे पडलेत म्हणून सांगता यायचं.

नुसता मूळ खेळ असता तर मी तग धरला असता. पण त्याच वर्षी 'ब्रूड वॉर' नावाची पुरवणी आली आणि खेळातल्या तिन्ही लढणाऱ्या जमातींना नवं सैन्य मिळालं. मी माणसांच्या, म्हणजे टेरनच्या बाजूचा. आम्हाला मिळाली मेडिक. ही कुणालाही मारत नाही, फक्त जखमी शिपायांना बरं करते. मला फार आवडली. इतकी, की यंदा मी मरीन, म्हणजे बंदूकवाले शिपाई, केले चार आणि मेडिक नऊ.

"मामा, तू लढायला आलायस की दवाखाना काढलायस?"

भाचा प्रोटॉसच्या, म्हणजे एका परग्रहवासी जमातीच्या बाजूचा. त्यांना मिळालाय डार्क टेम्प्लर. हा गृहस्थ दिसतच नाही. जमिनीवरून उन्हाळ्यातल्या डांबरी रस्त्यासारखं काहीतरी हलतं, बस. आमच्या मरीनचा जीव ४०चा, त्याच्या एका वाराची ताकदही ४०. हिशेब चोख. मेडिकला थर्मामीटर लावायलासुद्धा उसंत नाही.

त्याला पाहायची सोय आहे, नाही असं नाही. मेडिकसाठी जी अकॅडमी बांधावी लागते तिच्याच जोरावर कॉमसॅटही बांधता येतं, आणि त्याने लपलेला शत्रू घटकाभर दिसतो. अकॅडमी मी बांधली होती. कॉमसॅटचे पैसे नवव्या मेडिकमध्ये गेले.

तेवढ्यात ताईने हाक मारली, "पानं घेतलीत!" हा खेळ दुसऱ्याची चाल होईपर्यंत थांबणारा नव्हे, आपण श्रीखंड वाढून घेतो तेव्हाही टेम्प्लर कापतच असतो. मग मी टेरनची जुनी खोड वापरली. आमच्या काही इमारती उडतात. उरलीसुरली बराक उचलली आणि नकाशाच्या कोपऱ्यात, पाण्यावर नेऊन टांगली. टेम्प्लरची तलवार आकाशात पोचत नाही, आणि शेवटची इमारत पडेपर्यंत मी हरत नाही.

"मामा, ही चीटिंग आहे. हार मान ना."

"आधी पुरी घे."

भाचा एका हाताने जेवत, दुसऱ्या हाताने विमानांचा कारखाना बांधत होता. ताईने लॅपटॉपचं झाकण मिटलं.