आकडा आहे, नावं नाहीत

आमच्या गावच्या चावडीचं काम निघालंय. तिच्या भिंतीत एक जुनी संगमरवरी पाटी आहे. १९१४ ते १९१९ च्या महायुद्धाला गावातून किती माणसं गेली, किती परत आली नाहीत, एवढंच तिच्यावर. मागच्या रंगकामात गड्यानं ऑइल पेंटचा ब्रश पाटीवरूनही फिरवला, अक्षरं बुजली. दिवाळीत मी बोटानं चाचपत वाचली. न आलेल्यांचा आकडा लागला: ३.

परवा गावच्या ग्रुपवर एका पोरानं टाकलं, "इंग्रजांच्या चाकरांची कसली आठवण? प्लास्टर मारा." खाली अंगठ्यांची रांग. राग आला, पण खोटं कशाला बोलू, अर्धं पटलंही. ही माणसं देशासाठी गेली नव्हती. कोरडवाहू रान, घरात खाणारी तोंडं आणि पलटणीत रोख पगार. त्यांना हुतात्मा म्हणायला माझीही जीभ रेटत नाही. पण म्हणून पुसून टाकायचं? १९१६ साली इराकमधल्या कुतच्या वेढ्यात मराठा पलटणी उपासमारीत अडकल्या होत्या. शरण गेल्यावर कैद्यांना वाळवंटातून चालवत नेलं, त्यात कितीतरी वाटेतच मेले.

माझा राग दुसऱ्याच गोष्टीवर आहे. फ्रान्समध्ये न्यू शापेलच्या स्मारकावर साडेचार हजारांहून जास्त हिंदी सैनिकांची नावं कोरलीत. म्हणजे कोरता येत होती! बसऱ्याच्या स्मारकावर मात्र गोऱ्यांची नावं आणि आपल्या साध्या शिपायांची पलटणवार नुसती संख्या. २०२१ मध्ये ही स्मारकं सांभाळणाऱ्या राष्ट्रकुल युद्धसमाधी आयोगानं असल्या भेदभावाबद्दल माफी मागितली, शंभर वर्षांनी.

साताऱ्याजवळचं अपशिंगे बघा. पहिल्या महायुद्धात तिथले ४६ जवान मारले गेले. गाव आजही नावापुढे 'मिलिटरी' लावतं. आमच्याकडे पाटीला सायकल टेकवतात. (मीही टेकवलीय.)

तर सरपंचांना म्हटलं, पाटी राहू द्या, रंग तेवढा खरवडून काढा, आणि शेजारी त्या तिघांची नावं लावू. ते म्हणाले, "लावू की. द्या नावं."

इथं गाडी अडली. त्यातला एक आमच्याच घरातला. आजी म्हणायची, "बसऱ्याला गेला तो गेलाच." तो तुकाराम होता की सखाराम, यावर माझ्या दोन चुलत्यांचं अजून जमत नाही.