करामत रॉकवेलची

‘मून’ (२००९) या चित्रपटावरचा लेख आवडला, पण त्यातलं बहुतेक कौतुक चंद्रावरच्या दृश्यांच्या वाट्याला गेलंय. सुमारे ५० लाख डॉलरमध्ये, छोट्या प्रतिकृती वापरून दिग्दर्शक डंकन जोन्सने पहिल्याच चित्रपटात हे उभं केलं, त्याला दाद द्यायलाच हवी. तरी खरी करामत अभिनेता सॅम रॉकवेलची. (पुढे रहस्य फुटतंय. पाहिला नसेल त्यांनी इथेच थांबावं!)

चंद्रावर एकटा काम करणारा सॅम आणि त्याला भेटणारा दुसरा सॅम, दोघेही एकाच माणसाचे क्लोन (हुबेहूब प्रती), आणि दोघेही रॉकवेलच. दोन्ही सॅमच्या डोक्यात बायकोच्या, घराच्या त्याच आठवणी आहेत आणि त्या दोघांपैकी कुणाच्याच नाहीत. तरीही माणसं वेगळी. एक तीन वर्षांच्या एकटेपणाने मवाळ झालेला, झाडांशी बोलणारा. दुसरा नुकताच जागा झालेला, तापट, ताठ. हा फरक रॉकवेल नुसत्या चालण्याबसण्यातून दाखवतो. घरी फोन लावल्यावर समोर मोठी झालेली मुलगी दिसते आणि बायको कधीच वारल्याचं कळतं, तिथे तर मी हललोच. आठवण उसनी असेल, रडू उसनं नाही.

शेवटी ऐकू येणारी रेडिओवरची शेरेबाजी मात्र नको होती. आणि क्लिंट मॅन्सेलच्या संगीताबद्दल लेखात एक ओळही नाही, हे कसं काय?