दर्जा ठरेपर्यंत व्याज चढतं

ठाण्यातल्या मल्टिप्लेक्समधून मराठी चित्रपट पहिल्या सोमवारी उतरला की तोच वाद नव्याने पेटतो. कुणी म्हणतं, स्क्रीन देत नाहीत. कुणी म्हणतं, मराठी माणूसच तिकीट काढत नाही. सक्ती करा, अशी मागणी होते. सक्तीची घोषणा एप्रिल २०१५ मध्ये झालीही होती. संध्याकाळी ६ ते ९ या वेळेत मराठी चित्रपट, असं ठरलं आणि काही दिवसांतच ‘प्राइम टाइम’ची व्याख्या दुपारी १२ ते रात्री ९ अशी ताणली गेली. भर दुपारी बाराला प्राइम टाइम! कामावर जाणाऱ्या ठाणेकराला विचारून बघा.

लंडनमधून हा वाद ऐकताना ‘आमच्याकडे इकडे असं नसतं’ असं म्हणायचा मोह होतो. पण स्क्रीनच्या बाबतीत इकडेही तसंच असतं. लहान स्वतंत्र ब्रिटिश चित्रपटाला अडनिड्या वेळचे दोन शो मिळतात आणि दुसऱ्या शुक्रवारी तो गायब होतो. फरक आहे तो चित्रपट सुरू होण्याआधी, निर्मात्याला आपले पैसे कुठून आणि किती येणार हे कळतं की नाही, यात. त्यावर आपल्याकडे कुणी भांडत नाही.

आधी तिकिटाचा हिशेब. तिकीट २५० रुपयांचं धरू. १८ टक्के जीएसटी वजा जाता २१२ रुपये उरतात. मल्टिप्लेक्सचा वाटा २००९ च्या निर्मात्यांच्या संपानंतर ठरला. त्यानुसार पहिल्या आठवड्यात निर्मात्याच्या बाजूला ५० टक्के, दुसऱ्यात ४२.५, तिसऱ्यात ३७.५ आणि पुढे ३०. हे हिंदीसाठी झालेलं गणित, पण मराठीतही बोलणी त्याच आसपास होतात. म्हणजे पहिल्या आठवड्यात हाती १०६ रुपये. वितरकाचं १५ टक्के कमिशन गेलं की ९० उरले. दीड कोटीचा चित्रपट आणि ५० लाखांची पब्लिसिटी मिळून दोन कोटी वसूल करायला सव्वादोन लाखांच्या आसपास प्रेक्षक लागतात, तेही सगळे पहिल्याच आठवड्यात. २५० खुर्च्यांच्या पडद्यावर हे जवळपास ८९० हाउसफुल शो झाले. डिजिटल प्रक्षेपणासाठी पडद्यागणिक द्यावा लागणारा व्हीपीएफ यात धरलेलाच नाही. सक्तीने चार शो वाढले म्हणून ही दरी बुजत नाही. टीव्ही आणि ओटीटीचे हक्क विकले गेले तर गाडी रुळावर येते. पण हल्ली वाहिन्या आणि ओटीटीवालेही चित्रपट चालला की नाही हे पाहूनच हक्क विकत घेतात.

उरतं सरकारी अनुदान. ‘अ’ दर्जा मिळाला तर ४० लाख, ‘ब’ मिळाला तर ३० लाख, आणि दोन्हींत बसला नाही तर काही नाही. रक्कम वाईट नाही. घोटाळा क्रमात आहे. चित्रपट पूर्ण करायचा, सेन्सॉरचं प्रमाणपत्र घ्यायचं, मग अर्ज करायचा. समिती चित्रपट पाहते, गुण देते, दर्जा ठरतो, आणि पुढे कधीतरी पैसे. चित्रीकरणाच्या पहिल्या दिवशी निर्मात्याच्या वहीत त्या जागी प्रश्नचिन्हच असतं.

आता समजा, त्या भरवशावर त्याने ४० लाख बाजारातून ‘दोन टक्क्यांनी’ उचलले. महिना दोन टक्के, म्हणजे ८० हजार. चित्रीकरणापासून अनुदान हाती येईपर्यंत दोन वर्षं धरली, तर सरळव्याजानेच १९ लाख २० हजार होतात. ‘अ’ मिळाला तरी जवळपास निम्मं अनुदान सावकाराचं. ‘ब’ मिळाला तर मुद्दलातच दहा लाखांचा खड्डा आणि वर पूर्ण व्याज. घोडबंदर रोडचा फ्लॅट गहाण ठेवून बँकेचं कर्ज काढलं तर व्याज कमी बसतं, पण मग पणाला घर लागतं.

ब्रिटनमध्येही करसवलतीचे पैसे शेवटीच मिळतात, हे इथे सांगायला हवं. पण ते मिळणार की नाही, हे आधी मोजता येतं. तिथे एक सांस्कृतिक चाचणी असते. ३५ पैकी १८ गुण लागतात. कथा कुठे घडते, पात्रं कुठली, संवादांची भाषा कोणती, काम कुठे होणार, लेखक-दिग्दर्शक कुठले, याला किती गुण ते छापलेलं असतं. निर्माता घरच्या टेबलावर बेरीज करतो. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूट ती कागदपत्रं तपासते आणि चित्रीकरणाआधीसुद्धा अंतरिम प्रमाणपत्र मिळू शकतं. २०२४ पासून लहान स्वतंत्र चित्रपटांसाठी या करसवलतीचा दर ५३ टक्के आहे, कर वजा जाता ३९.७५. मुख्य खर्चाच्या जास्तीत जास्त ८० टक्के रकमेवर तो लागतो. म्हणजे दहा लाख पौंड खर्चावर तीन लाख १८ हजार. अंतरिम प्रमाणपत्र दाखवून त्यावर आधीच कर्ज मिळतं, कारण कर्ज देणाऱ्याला परीक्षकाची आवडनिवड नव्हे, खर्चाचा तक्ता तपासायचा असतो.

चित्रपट चांगला आहे का, हे तिथे कुणी विचारतच नाही. आपल्याला हे खटकेल. दर्जाला अनुदान द्यायचं की निर्मितीला, हा प्रश्न खरा आहे, आणि अनुदानासाठीच काढलेल्या चित्रपटांची तक्रार आपल्याकडे जुनी आहे. पण दर्जाचं बक्षीस वेगळं ठेवता येतं. १५ लाखांचा पाया छापील निकषांवर (मराठी संवाद, महाराष्ट्रातलं चित्रीकरण, स्थानिक तंत्रज्ञ, तपासलेले हिशेब) आणि उरलेले समितीच्या गुणांवर, असं केलं तरी बँकेपुढे ठेवायला कागद मिळेल. एकूण खर्च वाढवायचीही गरज नाही.

तिथलं सगळंच उचलावं असं नाही. ब्रिटनमध्ये सार्वजनिक निधीतून पटकथेचे खर्डे लिहून घेतात, पैसेही देतात, आणि सातव्या खर्ड्यानंतर प्रकल्प बंद होतो. दहा लाख पौंडांना तिथे ‘कमी बजेट’ म्हणतात. आपल्या पैशात ते दहा कोटींच्या वर जातं. दीड कोटीत २५ दिवसांत चित्रपट उरकणारा ठाण्यातला निर्माता त्यांना अचाट वाटेल. मात्र त्या २५ दिवसांत सेटवरचा खर्च एक कोटी असेल, तर बुडालेल्या एका दिवसाची किंमत चार लाख पडते, आणि दिवस बुडतात ते बहुधा परवानगीत. तलावपाळीसाठी महापालिका, पोलीस ठाणं आणि वाहतूक शाखा. येऊर हा राष्ट्रीय उद्यानाचा भाग, म्हणून वनखातं. खारघरला आपण नवी मुंबई म्हणतो, पण महापालिका पनवेलची, आणि मोकळा भूखंड सिडकोचा असू शकतो. जमीन कुणाची हे रेकीच्या, म्हणजे जागा पाहायला जाण्याच्या, दिवशीच विचारावं. पटकथेत ‘बाहेर, रात्र’ लिहिणाऱ्यानेही.

कारण आपल्याकडे लेखकच पुष्कळदा निर्माता होतो. मालिकेचे भाग लिहून, मानधनासाठी तीन-तीन महिने थांबून कंटाळलेला माणूस स्वतःच्या चित्रपटाकडे वळतो. गंमत म्हणजे कायदा त्याच्या बाजूने लंडनपेक्षा भक्कम आहे. कॉपीराइट कायद्यातल्या २०१२ च्या दुरुस्तीनंतर सिनेमागृहाबाहेरच्या वापरावरची रॉयल्टी भारतीय लेखकाला सोडून देताच येत नाही. तसं लिहून दिलं तरी ते बाद ठरतं. ब्रिटनमध्ये हा हिस्सा कराराने मिळवावा लागतो. फक्त तिथे करार आधी होतो. निर्माता हक्क सरसकट घेत नाही. ठरल्या किमतीचा एक भाग, साधारण दहा टक्के, देऊन बारा ते अठरा महिन्यांचा ‘ऑप्शन’ घेतो. मुदतीत चित्रपट उभा राहिला नाही तर कथा लेखकाकडे परत. आपल्याकडे नरेशन, म्हणजे ऐकवलेली कथा, आवडलं की ११ हजारांचं पाकीट येतं, आणि कथा पाच वर्षं अडकते.

पटकथा स्क्रीनरायटर्स असोसिएशनमध्ये नोंदवली म्हणजे काम झालं, असाही समज आहे. नोंदणीने तारीख सिद्ध होते, एवढंच. नुसत्या कल्पनेवर हक्क नसतो, हे सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्येच सांगितलंय. म्हणून वनलाइन नव्हे, प्रसंगवार पटकथा नोंदवावी. करारात मुदत लिहिली नसेल तर कायदा पाच वर्षं धरतो, प्रदेश लिहिला नसेल तर फक्त भारत. घेतलेला हक्क वर्षभरात वापरला नाही तर तो संपतो, पण करारात वेगळं लिहिलेलं नसेल तरच, आणि निर्मात्याचा वकील नेमकं तेच वाक्य घालतो. ते शोधून त्याजागी अठरा महिने लिहावेत. शेवटचा हप्ता ‘प्रदर्शनावेळी’ असेल तर तो खोडून ‘चित्रीकरणाच्या पहिल्या दिवशी’ असं करून घ्यावं. त्या दिवशी निर्मात्याला सही केलेली पटकथा हवीच असते.