फोनवर निस्तरलेला दोष आणि टिकलेला ग्राहक

नागपूरच्या सॉफ्टवेअर मंडळींत सध्या एक मजकूर हातोहात फिरतो आहे. त्याचे म्हणणे असे की ग्राहक सेवेमुळे टिकतो, कोडच्या आधी लिहिलेल्या चाचण्या (कोड बरोबर उत्तर देतो का हे तपासणारे छोटे प्रोग्राम) त्याला दिसतही नाहीत. अ‍ॅजाइल, म्हणजे सॉफ्टवेअर थोडे थोडे करून वरचेवर ग्राहकाच्या हाती देण्याची पद्धत, ही वेगासाठीच आहे आणि चाचण्या तो वेग खातात. आणि दोष निघालाच तर फोनवर तत्परतेने निस्तरला की ग्राहक उलट अधिक जवळ येतो.

इतवारीतल्या कापड व्यापाऱ्याला चाचणी दिसत नाही हे खरे, पण बिल दिसते. 22 सप्टेंबर 2025 पासून तयार कपड्यांवरील जीएसटीची सीमा नगामागे 1000 रुपयांवरून 2500 रुपयांवर गेली. तिथपर्यंत 5 टक्के, त्यापुढे 12 ऐवजी 18 टक्के. आधी चाचणी लिहिणारा प्रोग्रामर कोडला हात लावण्यापूर्वीच नोंदवतो की 2500 रुपयांच्या शर्टवर कर 125 रुपये आणि 2501 रुपयांच्या शर्टवर 450 रुपये 18 पैसे आला पाहिजे. जुना कोड पहिल्यावर 300 रुपये सांगतो आणि चाचणी लाल होते, म्हणजे नापास ठरते. मग ती हिरवी होण्यापुरता कोड लिहायचा आणि त्यानंतर तो नीटनेटका करायचा. ‘2500 पर्यंत’ आणि ‘2500 पेक्षा कमी’ यांतली गफलत इथेच सापडते. ती सुटली, तर बरोबर 2500 रुपयांच्या प्रत्येक नगावर 325 रुपये जास्त लागतात आणि ऐन दिवाळीत गिऱ्हाइकाशी हुज्जत व्यापाऱ्याला घालावी लागते, आपल्याला नव्हे.

वेगाबद्दल बोलायचे, तर 2001 च्या अ‍ॅजाइल जाहीरनाम्याच्या तत्त्वांतच तांत्रिक उत्कृष्टतेकडे सतत लक्ष देण्यास सांगितले आहे. आधी चाचणी लिहिणाऱ्या मायक्रोसॉफ्टच्या 3 आणि आयबीएमच्या 1 अशा चमूंच्या, 2008 साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात सुरुवातीचा वेळ 15 ते 35 टक्के वाढला, पण सॉफ्टवेअर बाहेर पडण्यापूर्वीच्या दोषांची घनता, म्हणजे ठरावीक कोडमागे सापडणारे दोष, 40 ते 90 टक्क्यांनी घटली. चारच चमू होते, हे मान्य. तरी वेळ वाया जातो असे म्हणणाऱ्यांनी दुसरा आकडाही सांगायला हवा.

फोनचा मुद्दा मला सर्वांत घातक वाटतो. फोनवर कोड बदलता येतो, पण हातोहात गेलेली बिले परत येत नाहीत. त्यांच्यासाठी क्रेडिट नोटा (बिलात जास्त लागलेली रक्कम कमी करणारे कागद) काढून विवरणपत्रात दाखवाव्या लागतात, आणि ते काम मुनीमजींच्या बोकांडी बसते.

प्रोग्रामरचा समजच चुकला असेल, तर मात्र चाचणी त्या चुकीवर हिरवा शिक्का मारते. 2800 चा शर्ट सवलतीने 2400 ला विकला तर कर कशावर, हे मुनीमजींजवळ बसूनच विचारावे. सवलत बिलावर दाखवलेली असेल तर कर 2400 वर, म्हणजे 120 रुपये. ही ओळ तिथल्या तिथे चाचणीत उतरवता येते.