तोत्तोचान मोठी झाल्यावर

शिक्षणाविषयी आस्था असलेल्या मराठी घरांत ‘तोत्तोचान’ हे जपानी शाळेतल्या बालपणीच्या आठवणींचे पुस्तक हमखास सापडते. चेतना सरदेशमुख-गोसावी यांच्या अनुवादामुळे आगगाडीच्या डब्यांत भरणारी तोमोई शाळा आणि प्रवेशाच्या दिवशी एका चिमुरडीची बडबड चार तास ऐकून घेणारे मुख्याध्यापक कोबायाशी आपल्याला घरच्यासारखे वाटतात. मात्र ती चिमुरडी, म्हणजे पुस्तकाची लेखिका तेत्सुको कुरोयानागी, पुढे जपानी टेलिव्हिजनवरची एक अत्यंत झगमगती आणि विलक्षण दीर्घकाळ टिकलेली व्यक्ती झाली, याविषयी आपल्याकडे फारसे बोलले जात नाही. ‘पुढे ती टीव्हीवर गेली’ एवढ्या एका वाक्यात तो विषय आटोपतो आणि त्या वाक्याला किंचित कमीपणाचा सूर असतो. हा सूर मला मुळीच मान्य नाही. तोमोईतले शिक्षण मोठेपणी कामी आले की नाही, याचा कस त्यांच्या टीव्हीवरच्या कामातच लागला, असे माझे ठाम मत आहे.

१ फेब्रुवारी १९५३ रोजी एनएचके या सार्वजनिक प्रसारण संस्थेने जपानमध्ये टेलिव्हिजनचे प्रक्षेपण सुरू केले, तेव्हा साऱ्या देशात मिळून अवघे ८६६ नोंदणीकृत ग्राहक होते. त्याच वर्षी या नव्या माध्यमासाठी एनएचकेने निवडलेल्या नटनट्यांच्या तुकडीत कुरोयानागी दाखल झाल्या. त्या ऑपेरा शिकल्या होत्या आणि अभिनेत्री होण्याची त्यांना काही ओढ नव्हती. उद्या आपल्याला मुले झाली तर त्यांना गोष्टी छान वाचून दाखवता याव्यात, तेवढे इथे शिकायला मिळेल, म्हणून त्यांनी अर्ज केला होता. सुरुवातीचे दिवस मात्र फार अपमानाचे गेले. गर्दीच्या दृश्यात मागे कुजबुजायला उभे केले, तर त्यांचा आवाज सगळ्यांत उठून यायचा. मग त्यांना थोडे दूर उभे राहायला सांगितले जायचे, आणखी दूर जायला सांगितले जायचे आणि शेवटी घरी जा म्हणून सांगितले जायचे. बोलणे फार वेगवान आहे, आवाज विचित्र आहे, अशी तक्रार त्यांनी जागोजागी ऐकली. पहिल्या शाळेने ‘हिच्यामुळे वर्ग चालवता येत नाही’ म्हणून काढून टाकलेल्या मुलीच्या वाट्याला विशीत पुन्हा तेच आले. १९५४ मध्ये मुलांच्या एका रेडिओ मालिकेसाठी निवड झाल्यावर, मी माझे बोलणे सुधारीन, असे त्या स्वतःहून म्हणाल्या, तेव्हा नाटककार तादासु इइझावा यांनी त्यांना काहीही सुधारू नकोस, जशी आहेस तशीच राहा, असे बजावले. कोबायाशी गुरुजींनंतर असे सांगणारा दुसरा माणूस भेटायला त्यांना इतकी वर्षे लागली. चांगली शाळा मुलाला एकदा धीर देते, परंतु तो धीर टिकण्यासाठी पुढे कामाच्या जागीही कोणीतरी भेटावे लागते, हे आपल्या शिक्षणचर्चेत कधीच येत नाही.

त्यानंतर त्यांचे नाव झपाट्याने झाले. वर्षअखेरीच्या रात्री अख्खा जपान पाहतो त्या ‘कोहाकु’ या गाण्यांच्या कार्यक्रमाचे सूत्रसंचालन त्यांनी १९५८ मध्ये, वयाच्या पंचविसाव्या वर्षी केले. पुढे १९७१ मध्ये, काम उत्तम चालू असताना, सगळे बाजूला ठेवून त्या अभिनय शिकण्यासाठी वर्षभर न्यूयॉर्कला गेल्या. चेहरा सतत पडद्यावर दिसला नाही तर लोक विसरतील, या भीतीवर चालणाऱ्या धंद्यात हे धाडस लहान नव्हते.

२ फेब्रुवारी १९७६ रोजी, त्या बेचाळीस वर्षांच्या असताना, ‘तेत्सुको नो हेया’, म्हणजे तेत्सुकोची खोली, हा मुलाखतींचा दैनिक कार्यक्रम सुरू झाला. पहिले पाहुणे ज्येष्ठ नट हिसाया मोरिशिगे होते. टीव्हीवर बाईने तरुण असावे, पुरुष निवेदकाच्या बाजूला बसून मान डोलवावी, अशी अपेक्षा असण्याच्या काळात बेचाळिशीच्या अविवाहित स्त्रीच्या नावाने कार्यक्रम सुरू झाला, आणि त्यांची नव्वदी उलटल्यावरही तो चालू राहिला. मे २०१५ मध्ये दहा हजारावा भाग झाला. एकाच सूत्रसंचालकाने सर्वाधिक भाग केलेला संवादाचा कार्यक्रम म्हणून त्याची गिनीज नोंद आहे. मला या आकड्यापेक्षा त्यामागची पद्धत अधिक मोलाची वाटते. चित्रीकरण संकलनाशिवाय, जेवढा वेळ दाखवायचे तेवढाच वेळ सलग करायचे, ही त्यांची अट होती. पाहुणा अडखळला, गप्प झाला, तरी ते तसेच दिसते. आपले बोलणे मागाहून कापून वेगळेच काही जोडले जाणार नाही, याची त्यालाही खात्री असते. प्रत्येक पाहुण्यासाठी त्या स्वतःच्या हाताने टिपणे लिहून समोर ठेवतात. ऐकणे कोबायाशींकडून शिकलेल्या बाईने त्याची अशी रोजची शिस्त केली. हे सगळे निर्दोष आहे असे मी म्हणणार नाही. त्या स्वतः फार बोलतात आणि विनोदी कलाकारांना ‘तुमचे ते गमतीचे करून दाखवा ना’ असे म्हणून, मग गंभीर चेहऱ्याने पाहत बसून, पुरते घामाघूम करतात. तरीही खोटे हसू त्या हसत नाहीत, आणि पाहुण्याचा आदर करण्याचा तोही एक मार्ग आहे, असे मी मानतो.

१९७८ मध्ये टीबीएस या वाहिनीवर सुरू झालेल्या ‘द बेस्ट टेन’ या, आठवड्याची लोकप्रिय दहा गाणी क्रमवारीने सादर करणाऱ्या थेट कार्यक्रमातही, निवेदक हिरोशी कुमे यांच्यासोबत सूत्रसंचालन स्वीकारताना, क्रमवारीत कधीही फेरफार करायचा नाही, असा त्यांचा आग्रह होता. त्या काळची अत्यंत लाडकी गायिका मोमोए यामागुची पहिल्याच भागात पहिल्या दहांत नव्हती, आणि तिला ओढूनताणून आणले गेले नाही. १९८१ मध्ये या कार्यक्रमाने ४१.९ टक्के प्रेक्षकसंख्या गाठली. त्याच वर्षी ‘तोत्तोचान’ पुस्तकरूपाने प्रसिद्ध झाले, रोजच्या मुलाखती चालू होत्या आणि डिसेंबरात पुन्हा ‘कोहाकु’ची जबाबदारीही त्यांच्याकडेच होती. आपण ज्या पुस्तकाला शांत, निरागस म्हणतो, ते लिहिणारी बाई इतक्या धबडग्यात जगत होती.

त्यांच्या पोशाखाविषयीही बोलले पाहिजे, कारण गंभीर वाचक नेमके तिथेच नाक मुरडतात. डोक्यावर कांद्याच्या आकाराचा उंच अंबाडा, अंगावर भरजरी झगे नाहीतर रेशमी किमोनो, मोठाले दागिने. त्या अंबाड्यातून कधीकधी त्या गोळी काढून पाहुण्याच्या हातावर ठेवतात. या थाटामागे लपलेली साधी ‘खरी’ तेत्सुको शोधायची मला गरज वाटत नाही. जे आवडते ते अंगभर मिरवावे आणि त्याबद्दल संकोच करू नये, हा धीटपणा त्या डब्यांच्या शाळेतलाच आहे.

याच प्रसिद्धीचा त्यांनी काय उपयोग केला, तेही पाहावे. १९७९ मध्ये त्यांनी अमेरिकेतल्या कर्णबधिर कलावंतांची नाट्यसंस्था जपानमध्ये आणली. पुढे पुस्तकाच्या मानधनातून न्यास उभा केला आणि जपानी कर्णबधिर नटांच्या व्यावसायिक रंगभूमीला त्यातून आधार दिला. १९८४ मध्ये त्या युनिसेफच्या सदिच्छादूत झाल्या. त्या वर्षी टांझानिया, १९८६ मध्ये भारत, पुढे कंबोडिया, व्हिएतनाम, अंगोला, इराक असे दौरे त्यांनी केले आणि तिथली मुले जपानी प्रेक्षकांना टीव्हीवरून दाखवली. त्यांचा चेहरा ओळखीचा नसता, तर लोकांनी त्या मुलांसाठी पैसे पाठवले असते का, याविषयी मला शंका आहे.

दुसऱ्या महायुद्धाविषयी त्या आपल्या कार्यक्रमात वर्षानुवर्षे विचारत आल्या आहेत. कितीतरी वयस्क नटनट्यांनी आपले युद्धकाळातले अनुभव त्या सोफ्यावर बसून सांगितले. डिसेंबर २०२२ मध्ये त्यांनी विनोदवीर तामोरी यांना पुढचे वर्ष कसे असेल असे विचारले, तेव्हा तामोरींनी ‘नव्या युद्धाआधीचा काळ’ अशा अर्थाचे उत्तर दिले आणि त्यावर जपानभर चर्चा झाली. युक्रेनवरील आक्रमणानंतर आपल्या बालपणीचे युद्ध पुन्हा आठवू लागल्याने त्यांनी ‘तोत्तोचान’चा पुढचा भाग लिहिला आणि तो ४२ वर्षांनी, ऑक्टोबर २०२३ मध्ये आला. युद्धावर निघालेल्या सैनिकांना स्थानकावर झेंडा हलवून निरोप दिला की मुलांना सुकवलेल्या माकुळाचा तुकडा मिळायचा आणि तेवढ्या खाऊसाठी आपण पुन्हा पुन्हा जात होतो, ही गोष्ट त्या आजही सांगतात, आणि त्या सैनिकांबाबत आपलीही जबाबदारी आहे असे मानतात.